पाच माणसांसमोर तोडलेलं सील

विजेच्या बिलावर कायद्याने भांडायचं कसं, हे रत्नागिरीत सगळ्यांत आधी मला कळलं, अशी त्या काळात माझी पक्की समजूत होती. सनद मिळून दोन वर्षंही झाली नव्हती. ज्यांच्या कचेरीत मी बसत असे ते थोरले वकील खोतीचे खटले आणि आमराईच्या वाटण्या लढवून म्हातारे झाले होते. गावात वीज येऊन थोडीच वर्षं झाली होती, खांब मांडवी बंदरापर्यंत पोचले होते, पण थोरल्या वकिलांच्या घरी कंदीलच होता आणि विजेच्या कायद्याचं नाव काढलं की ते तपकिरीची डबी उघडत. तेव्हा ते पुस्तक मी पदरच्या पैशाने मुंबईहून व्ही. पी.ने मागवलं. पुस्तक पातळसंच, पण टेबलावर मी ते असं ठेवत असे की आत येणाऱ्या अशिलाला आधी तेच दिसावं. नव्या वकिलाला मिजास करायला फार मोठं कारण लागत नाही.

त्या पुस्तकाकडे बघत जो पहिला अशील माझ्यासमोर बसला तो गिरणवाला. मांडवीच्या वाटेवर त्याची छोटी गिरण होती. भात भरडायचं आणि पीठ-मिरची दळायची, दोन्ही कामं एकाच विजेच्या मोटारीवर. माणूस आतल्या गावचा, शेतकरी घरातला, माझ्यापेक्षा बारा-पंधरा वर्षांनी मोठा. मी त्याला अरे-तुरे करत असे आणि तो मला वकीलसायब म्हणत असे. तशी रीतच होती आणि त्यात काही वावगं आहे असं मला तेव्हा वाटलं नाही.

मुंबईच्या एका कापडगिरणीत इंजिनखात्यात तो तेलवाला होता. गिरणीने माणसं कमी केली तेव्हा हातात आले ते पैसे आणि बायकोच्या पाटल्या मोडून आलेले पैसे, असं सगळं त्याने या मोटारीत घातलं होतं. लग्नाला अठरा वर्षं झाली होती. तो मुंबईला, बायको गावाला, भेट गणपतीला आणि शिमग्याला. अठरा वर्षांत नवरा-बायकोने सलग एक महिनाही एका छपराखाली काढला नव्हता. आता गिरणीच्या मागच्या खोलीत दोघं राहत होती. ती धान्य पाखडून जात्यात ओतायची, तो मोटार बघायचा.

"वकीलसायब, माला आता परत मुंबय नको," तो पहिल्याच दिवशी म्हणाला. "गिरण बंद पडली तर बोटीत बसन्यावाचून दुसरी वाट नाय."

गोष्ट अशी झाली होती. दर महिन्याला नऊ-दहा रुपये येणारं विजेचं बिल एकाएकी चौतीसवर गेलं आणि पुढच्या महिन्यात एकेचाळीसवर. काम वाढलं नव्हतं. उलट आंब्याचा हंगाम संपून गिऱ्हाईक कमीच झालं होतं. वीज कंपनीत विचारायला गेला तर तिथला कारकून म्हणाला, मीटर खोटं बोलत नाही, पैसे भर नाहीतर तार तोडू. पण गिरणवाल्याने उभ्या जन्मात यंत्रांशिवाय दुसरं काही पाहिलं नव्हतं. त्याने मोटारीचा पट्टा उतरवला, खटका पाडला आणि मीटरसमोर जाऊन उभा राहिला. मोटार बंद, दिवा बंद, आणि मीटरच्या आतली चकती आपली सावकाश फिरतेच आहे.

"धा वेळा बगितलंय मी. मोटार निजली तरी चकती जागी!"

मला आनंद झाला. खोटं कशाला सांगू, त्याच्या संकटाचा मला आनंद झाला, कारण पुस्तकात नेमकं हेच होतं. मी त्याला सगळं समजावून सांगितलं. मीटर खरं की खोटं हा वाद कंपनीने मिटवायचा नाही आणि कोर्टानेही नाही, तो सरकारी वीज-इन्स्पेक्टरने मिटवायचा. कंपनीची तार तोडायची नोटीस यायच्या आत आपला अर्ज इन्स्पेक्टरकडे गेला, तर निकाल लागेपर्यंत कंपनीला तारेला हात लावता येत नाही. मीटर खोटं ठरलं, तर मागच्या सहा महिन्यांपर्यंत खरी वीज किती जळली असेल ते इन्स्पेक्टर स्वतः ठरवतो आणि बिल तेवढंच राहतं. तोपर्यंत नेहमीच्या मानाने होणारे दहा रुपये दरमहा 'तक्रार राखून' भरत राहायचे, कंपनीने घेतले नाहीत तर मनिऑर्डरने पाठवायचे आणि परत आलेल्या पावत्या जपून ठेवायच्या, म्हणजे कुणी बुडवा म्हणणार नाही. तो कीर्तनाला बसावं तसा मान हलवत ऐकत होता.

मग त्याने एक शंका काढली. "पन इन्स्पेक्टर येयाच्या आदी कंपनीच्या मान्सांनी मीटर नीट करून ठेवलं तर? माजं कोन खरं मानल?"

मला त्या दिवशी कोर्टात मुदतीचा एक अर्ज द्यायचा होता आणि उशीर झाला होता. डगला अंगात चढवता चढवता मी म्हणालो, "नुसत्या तुझ्या सांगण्याला कोण विचारतो? चार भल्या माणसांनी डोळ्यांनी पाहिलेलं पाहिजे. चांगले साक्षीदार तयार ठेव."

एवढं बोलून मी जिना उतरलो. मीटरला हात लावू नकोस, हे मी सांगितलं नाही. कंपनीचं शिशाचं सील तोडणं हा गुन्हा आहे, हे त्याच पुस्तकात थोडं पुढे छापलेलं होतं. मी ते वाचलं होतं आणि पेन्सिलीने बाजूला रेघही मारली होती. पण सील तोडायला कुणी जाईल हे माझ्या डोक्यातच आलं नाही.

अर्ज मी त्याच दिवशी लिहिला आणि रजिस्टरने पाठवला. चारच दिवसांनी कंपनीची नोटीस आली, पण अर्ज आधी गेलेला. मी कलम लिहून उत्तर पाठवलं आणि कंपनी गप्प बसली. तार तुटली नाही. वकिलांच्या खोलीत मी ही हकीकत इतक्यांदा सांगितली की शेवटी एकाने मला 'विद्युत्-वकील' म्हणून हाक मारली आणि मी त्यावरही खूष झालो.

इन्स्पेक्टरचं पत्र आलं ते मात्र थंड होतं. पावसाळ्यात बोटी बंद असतात, तेव्हा बोटी सुरू झाल्यावर पाहणीस येऊ, तोवर उभय पक्षांनी मीटर आहे त्या स्थितीत ठेवावे. मी हे पत्र गिरणवाल्याला वाचून दाखवलं. शेवटचं वाक्यही वाचलं असणार. पण वाचणं वेगळं आणि समोरच्याच्या मनात ते बसलं की नाही हे बघणं वेगळं.

त्या दोन महिन्यांत त्याला घोर लागला. गिरण चालू, मीटर चालू, आणि आकडा वाढतच चाललेला. त्यातच कुणीतरी त्याच्या कानात घातलं की कंपनीने नवीन मीटर मागवलं आहे आणि इन्स्पेक्टरची बोट लागायच्या आधी ते जुन्याच्या जागी बसवणार आहेत. खरं-खोटं देव जाणे. तो माझ्याकडे दोनदा येऊन गेला आणि दोन्ही वेळा मी बाहेर होतो. कारकुनाने ते मला सांगितलं. मी बघू म्हणालो.

नागपंचमी होऊन गेल्यावर एका दुपारी तो आला. छत्री असूनही भिजलेला, पण काखेत मेणकापडात गुंडाळलेला कागद कोरडा होता. चेहरा इतका फुललेला मी त्याचा कधी पाहिला नव्हता. कागद त्याने दोन्ही हातांनी माझ्यापुढे ठेवला.

"साक्षीदार चार सांगितलेत, मी पाच आनलेत."

कागद मोडीत होता, अक्षर मास्तरी वळणाचं. आम्ही खाली सही करणार पाच असामी अमुक गिरणीत समक्ष हजर राहून लिहून देतो की, गिरणवाल्याने मोटारीचा पट्टा उतरविला, खटका पाडला. मीटरच्या काचेस आतून ओल धरली असल्याने आतील काही दिसेना. सबब गिरणवाल्याने आम्हां पाच जणांच्या समक्ष व आमच्या संमतीने सील तोडून झाकण उघडले. आतील चकती आपोआप फिरत असल्याचे आम्ही आपापल्या डोळ्यांनी पाहिले. खाली सह्या: पेन्शनीत निघालेले शाळामास्तर, देवळाचे गुरव, मांडवीच्या होड्यांचे एक तांडेल, एक बागाईतदार, एक सोनार. एकाच्याही शब्दाला गावात कुणी बोट लावलं नसतं.

मी तो कागद दोनदा वाचला. त्याने असं का केलं हे मला समजायला वेळ लागला नाही, कारण मीही त्याच जिल्ह्यातला. गावाकडे दोन भावांत बांधावरून वाद झाला की पुरलेली खूण उकरून बघतात. ती एकट्याने उकरली तर चोरी. पाच माणसं उभी करून उकरली तर न्याय. मग ती कुणी सरकवली असं कुणालाच म्हणता येत नाही. त्याने बांधाच्या खुणेसारखं मीटर उकरलं होतं. लपवून केलं असतं तर तो स्वतःलाच चोर म्हणाला असता.

"हा कागद आणखी कुणी पाहिलाय?" मी विचारलं.

"दोन नकला केल्यात. एक कंपनीत दिली, ही बगा पोच." पोचेवर कंपनीचा शिक्का होता, ताजा.

थोरले वकील आतल्या खोलीतून आले. त्यांनी कागद खिडकीकडे धरून वाचला, तपकीर ओढली आणि माझ्याकडे न बघता म्हणाले, "पुरावा पहिल्या प्रतीचा आहे. फक्त गुन्ह्याचा आहे." गिरणवाल्याला ते समजलं नाही. मला त्याला समजावून सांगावं लागलं, आणि सांगत असताना त्याचं तोंड कसं कसं उतरत गेलं ते मी पाहिलं. मध्येच तो म्हणाला, "पन तुमीच म्हनालात, डोळ्यांनी बगितलेलं पायजे." मी म्हणालो, "हो, पण सील तोडून नाही." त्याने मेणकापडाची घडी घातली. पुन्हा त्याने ते वाक्य कधी उच्चारलं नाही.

नारळी पौर्णिमेनंतर बोटी सुरू झाल्या आणि इन्स्पेक्टर आले. सडपातळ, अबोल माणूस. गिरणीत उभे राहून त्यांनी खटका पाडला, झाकण काढलं आणि बराच वेळ आत पाहिलं. चकती फिरत होती. मी पाहिली, कंपनीच्या मॅनेजरने पाहिली, दाराशी सूप घेऊन उभ्या असलेल्या गिरणवाल्याच्या बायकोनेही पाहिली. मग इन्स्पेक्टर मला बाजूला घेऊन म्हणाले, "सील शाबूत असतं तर हे मीटर मी आजच खोटं ठरवलं असतं. आता हे बिघडलेलं होतं की यांनी उघडल्यावर बिघडलं, ते मी कशावरून लिहू?" त्यांनी अर्ज निकालात काढला. मीटरवरचा आकडा तोच खरा ठरला आणि पाच महिन्यांचं बिल जसंच्या तसं उभं राहिलं.

बिल भरता येण्यासारखं होतं. त्याने गावचा बैल विकला, सासऱ्याकडून उसने आणले आणि ते भरलंही. बिल आणि जोडणीचा खर्च भरला की कंपनीला वीज द्यावीच लागते, हेही पुस्तकात होतं. पण कंपनीने सील तोडल्याची फिर्याद मॅजिस्ट्रेटकडे ठोकली होती. आता सगळं दंडावर येऊन थांबलं. दंड थोडका झाला तर गिरण राहणार होती. मोठा झाला तर विकण्यासारखी एकच वस्तू त्याच्याकडे उरली होती, ती म्हणजे मोटार.

तारखेच्या आदल्या दिवशी थोरल्या वकिलांनी मला सांगितलं, "नाकबूल करायला सांग त्याला. ओलीने सीलची तार गंजली आणि आपोआप तुटली म्हणावं. पंचांना आपण बघून घेऊ." मी ते गिरणवाल्याला सांगितलं. तो म्हणाला, "पाच मान्सांस्नी मी खोटं पाडू? रोज त्येंच्याच दारावरनं जातंय मी." झालं, विषय संपला.

कोर्टात गर्दी नव्हती. पाचही पंच आले होते आणि धुवट कपडे घालून बाकावर ओळीने बसले होते. आपण आपल्या माणसाच्या बाजूने साक्ष द्यायला आलो आहोत अशी त्यांची समजूत होती. त्यांची गरजच पडली नाही. मॅजिस्ट्रेटांनी विचारलं, सील तोडलंस? तो म्हणाला, व्हय सायब, पाच मान्सांम्होरं.

मॅजिस्ट्रेट काही वाईट माणूस नव्हते. त्यांनी चष्मा काढला आणि म्हणाले, "हे बघ. तू इंजिनखात्यात काम केलेला माणूस आहेस. सील काय असतं हे तुला कळत नाही, असं मी मानणार नाही. पण हा कागद, हे पंच, हे तुझ्या डोक्यातून निघालेलं वाटत नाही. कुणी शिकल्या-सवरल्या माणसाने तुला भलतं सांगितलं असेल, तर गोष्ट वेगळी. मग मला दंडाचा विचार वेगळ्या रीतीने करता येईल. तुला कुणी सांगितलं होतं का?"

मी त्याच्यापासून दोन हातांवर उभा होतो. हातात ते पुस्तक होतं. मला उठून बोलायचीसुद्धा गरज नव्हती, मी उभाच होतो. 'साक्षीदार कर असं मी सांगितलं, सील तोडू नको हे सांगायचं मी विसरलो', एवढी दोन वाक्यं. डोक्यात आलं ते असं की हे कंपनीच्या वकिलासमोर, कारकुनांसमोर, बाकावरच्या मास्तरांसमोर बोललो, तर संध्याकाळपर्यंत गावभर होईल आणि माझ्या दारात अशील येणार नाही. त्याने माझ्याकडे पाहिलं असतं तर कदाचित मी बोललो असतो. त्याने पाहिलं नाही.

"कोन नाय सायब," तो म्हणाला. "माज्या मनानं केलं."

मॅजिस्ट्रेटांनी चष्मा पुन्हा लावला. दंड दीडशे रुपये. मी दया दाखवावी म्हणून दोन-चार शब्द बोललो. ते इतके बेताचे होते की मला स्वतःलाच आठवत नाहीत.

मोटार चिपळूणच्या एका माणसाने भाव पाडून घेतली. दिवाळी झाल्यावर गिरणवाला मांडवीहून बोटीत बसला. जायच्या आधी तो कचेरीत येऊन माझी राहिलेली फी देऊन गेला, आणि मी ती घेतली. मुंबईत त्याला पूर्वीची नोकरी मिळाली नाही, एका वखारीत पहारेकऱ्याची मिळाली. बायको गावी परतली.

ती बाजाराच्या निमित्ताने महिन्या-दोन महिन्यांनी रत्नागिरीला यायची आणि माझ्याकडून त्याला कार्ड लिहून घ्यायची. गावच्या मास्तरांकडून लिहून घेतलं की चार घरी कळतं, म्हणायची. मी लिहून देत असे, पैसे घेत नसे, आणि यातच काहीतरी फेडतो आहोत असं स्वतःला सांगत असे. असं तीन वर्षं चाललं. माझा धंदा तोवर बरा चालू लागला होता. विजेच्या बिलांची प्रकरणं हमखास माझ्याकडेच येत आणि प्रत्येकाला मी पहिलं वाक्य सांगत असे, सीलला हात लावायचा नाही.

एकदा ती आली तेव्हा कचेरीत दुसरं कुणी नव्हतं. तीन वर्षं तो गणपतीलाही आला नव्हता, रजा मिळत नव्हती. ती कार्ड पुढे करत म्हणाली, छातीत दुकतंय असं त्येंनी कळवलंय, औशद घ्या म्हनून ल्हिवा. मला ते सहन झालं नाही. मी लेखणी ठेवली आणि तिला सगळं सांगितलं. डगला घालताना काय बोललो, काय बोलायचं राहिलं, आणि कोर्टात कसा मुकाट उभा राहिलो ते सगळं. ती रडेल, ओरडेल, कार्ड फेकून निघून जाईल असं मला वाटलं. खरं म्हणजे तिने तसं करावं असंच मला वाटत होतं.

ती म्हणाली, "म्हायती हाय माला. त्याच सांच्याला सांगितलं त्येंनी. म्हनाले, वकील नवा हाय, त्येचं नाव खराब व्हईल."

मग तीच म्हणाली, "एक इचारू? तवा तुमी बोलला असतात, तर दंड कमी झाला असता?"

"झाला असता."

"मोटार ऱ्हायली असती?"

"राहिली असती."

तिने हे ऐकून घेतलं. रागावली नाही, दोषही दिला नाही. पदराने कपाळ पुसलं आणि कार्ड बोटाने माझ्याकडे सरकवलं. "ल्हिवा," म्हणाली. "हितं सगळी बरी हायत. भात बरं आलंय. औशद घ्या. गनपतीला रजा मिळाली तर या."

मी लिहिलं.